घड्याळाला लटकलेला तो माणूस कापड दुकानात नोकरीला होता

चित्रपट महोत्सव भरवणाऱ्या आणि फिल्म सोसायट्या चालवणाऱ्या सर्व मंडळींस,

सप्रेम नमस्कार.

यंदाच्या हिवाळ्यात आमच्या शहरातल्या महोत्सवाने मूकपटांचा विभाग बंद केला. आजवर दरवर्षी निदान एक मूकपट मोठ्या पडद्यावर, पूर्ण, हार्मोनियमच्या साथीने दाखवला जायचा. या वेळी त्याऐवजी लॉबीत चहाच्या स्टॉलशेजारी एक टीव्ही लावला होता आणि त्यावर ‘मूकपटांची धमाल’ नावाची चाळीस मिनिटांची चित्रफीत दिवसभर फिरत होती. पडणं, आपटणं, पाठलाग, परत पडणं. मागे हिंदी गाण्यांचे ठेके आणि वरून रेकॉर्ड केलेलं हसू. आयोजकांना विचारलं, तर उत्तर आलं की आजच्या प्रेक्षकाला तेवढा धीर नाही आणि हे सिनेमे तसेही लहान मुलांचेच असतात.

त्या महोत्सवाचं नाव मी लिहीत नाही. इतर गावांतले मित्रही हेच सांगतात, म्हणून पत्र तुम्हा सगळ्यांना आहे. आणि ते उघडपणे लिहितो आहे, कारण तिकीट काढून येणाऱ्यांनाही आपल्याला काय दाखवलं गेलं आणि काय नाही, हे कळायला हवं.

माझा या गोष्टीशी काय संबंध, ते आधी सांगतो. माझी सगळी नोकरी कापडाच्या दुकानात गेली. ताग्यातून कापड काढून मोजणं, कात्री लावणं, साड्या उलगडून दाखवणं, गिऱ्हाईक “येते हं परत” म्हणून उठलं की त्याच साड्यांच्या घड्या पुन्हा घालणं, आणि हे सगळं मालकाची नजर गल्ल्यावरून आपल्यावर आहे हे लक्षात ठेवून. रविवारी सकाळी फिल्म सोसायटीचे खेळ बघायला जायचो. तिथे पहिल्यांदा पडद्यावर माझ्यासारखी माणसं काम करताना दिसली, आणि ती मूकपटांत दिसली. तुमच्या त्या चित्रफितीत ज्या सिनेमांचे तुकडे होते, त्यातले निम्म्याहून जास्त दुकानांवरचे सिनेमे होते. दुकान तेवढं कापून टाकलेलं होतं. माझी तक्रार एवढीच आहे. बाकी सगळं त्यातूनच निघतं.

मूकपटांतला विनोदी नट हॅरल्ड लॉइड, त्याचंच घ्या. उंच इमारतीवरच्या घड्याळाच्या काट्याला लटकलेला, चष्मा घातलेला तरुण. हे चित्र ज्याने एकही मूकपट पाहिला नाही त्यानेही पाहिलेलं असतं. सिनेमा ‘सेफ्टी लास्ट!’, १९२३ सालचा. तो तरुण तिथे का लटकला आहे, हे तुमच्या लॉबीतल्या कोणाला कळलं असेल? तो एका मोठ्या डिपार्टमेंट स्टोअरमध्ये कापडाच्या काउंटरवर विक्रेता आहे. आठवड्याला पंधरा डॉलर पगार. गावाकडच्या मुलीला त्याने आपण मोठ्या हुद्द्यावर असल्याचं कळवलं आहे आणि हाती आलेला पगार तिच्यासाठी गळ्यातली साखळी घेण्यात घालवतो. त्या वेळी समोर खाणावळीची पाटी असते. सोनारापुढे एकेक पैसा मोजताना त्याच्या डोळ्यांसमोरून ताटातला एकेक पदार्थ नाहीसा होत जातो. एकही शब्द न बोलता नोकरदार माणसाचा अख्खा हिशेब मांडला आहे. त्या फितीत हे नव्हतं.

मग सेलचा दिवस येतो. काउंटरला चहूबाजूंनी बायकांचा गराडा, प्रत्येकीचा हात कापडावर, प्रत्येकीला आधी हवं. लॉइड एकीला मोजून देतो तोवर दुसरी तेच कापड ओढते. या गर्दीत एका म्हाताऱ्या बाईंना काउंटरपर्यंत पोचताच येत नाही. तेव्हा तो ओरडून विचारतो, पन्नास डॉलरची नोट कोणाची पडली? सगळ्या खाली वाकतात आणि तेवढ्यात तो त्या बाईंचं काम करून देतो. दसऱ्याच्या आदल्या दिवशी काउंटरमागे जो उभा राहिला आहे त्याला या प्रसंगातला प्रत्येक हात ओळखीचा वाटेल. त्या झटापटीत लॉइडचा कोट जातो, आणि नुसत्या शर्टावर गिऱ्हाइकांसमोर उभा राहिला म्हणून त्याला वर बोलावून सुनावलं जातं. शिस्त महत्त्वाची, कोट कसा गेला, हे कोणी विचारत नाही. इमारतीवर चढण्याचा बेतही दुकानातूनच निघतो. दुकानात गर्दी खेचणारी कल्पना सुचवील त्याला हजार डॉलर, असं मॅनेजर म्हणताना त्याच्या कानावर पडतं. चढायचं असतं मित्राने. मित्राच्या मागे पोलीस लागतो आणि कापड विकणारा हा मुलगा स्वतः भिंतीला लागतो.

म्हणजे ते घड्याळ ही दुकानाची जाहिरात आहे, आणि तो माणूस ती जाहिरात करायला जिवावर उदार झालेला नोकर आहे. हे कळलं की त्या चढण्याचं हसू वेगळं येतं, आणि भीतीही वेगळी वाटते. तुम्ही तासाभराची गोष्ट काढून टाकून शेवटची काही सेकंदं ठेवलीत, तेव्हा सिनेमाच काढून टाकलात.

दुसरी तक्रार ‘द पॉनशॉप’ची. १९१६ सालचा चार्ली चॅप्लिनचा दोन रिळांचा सिनेमा, गहाणवटीच्या दुकानातला. एक माणूस गजराचं घड्याळ गहाण ठेवायला आणतो. चॅप्लिन दुकानातला नोकर. तो आधी घड्याळाला स्टेथोस्कोप लावतो, डॉक्टर छातीवर बोटं वाजवून बघतात तसं वाजवून बघतो. मग ड्रिल घेऊन भोक पाडतो. डबा उघडायच्या हत्याराने घड्याळाचं झाकण कापतो, आतला वास घेतो आणि नाक मुरडतो. तेल घालतो. एकेक भाग उपटून काढतो. आतली लांब स्प्रिंग बाहेर ओढून ती फितीसारखी मोजतो. शेवटी काउंटरवर जो चुरा उरतो तो सगळा त्या गिऱ्हाइकाच्या टोपीत भरून परत देतो आणि मान हलवतो: नाही चालणार. समोर गिऱ्हाईक झालेला अल्बर्ट ऑस्टिन हे सगळं निमूटपणे बघत उभा असतो. या सगळ्यात कॅमेरा जवळजवळ जागचा हलत नाही. एक काउंटर, त्याच्या अलीकडे एक माणूस, पलीकडे एक माणूस. विनोदासाठी एवढं पुरतं, कारण आपली वस्तू दुसऱ्याच्या हातात तपासायला दिली की माणूस किती लाचार होतो, हे प्रत्येकाला माहीत आहे. सोनाराकडे मोड घालायला गेलेल्या घरच्या बायकांच्या चेहऱ्यावर हे मी पाहिलं आहे.

तुमच्या फितीत यातलं फक्त टोपीत चुरा भरणं होतं. मुलं हसली नाहीत. कशी हसतील? घड्याळ चांगलं चालत आलं होतं, हे त्यांनी पाहिलंच नव्हतं.

‘द बुचर बॉय’चीही तीच गत. १९१७ सालचा रॉस्को आर्बकलचा सिनेमा. पुढे मूकपटांतला नावाजलेला विनोदवीर झालेला बस्टर कीटन याच सिनेमातून पहिल्यांदा पडद्यावर आला, तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. पूर्वार्ध सगळा एका वाण्याच्या मोठ्या दुकानात घडतो. कीटन आत येतो, विक्रीला ठेवलेल्या झाडूंचे केस उपटून माल कसा आहे ते बघतो, आणि बादलीत काकवी घ्यायला काउंटरवर जातो. नाणं त्याने बादलीतच टाकलेलं. आर्बकल वरून काकवी ओततो आणि मग पैसे मागतो. पैसे तळाशी. मग काकवी कीटनच्या हॅटमध्ये उपसून नाणं काढायचं, काकवी पुन्हा बादलीत, हॅट डोक्यावर, आणि हॅट डोक्याला चिकटलेली. ती सोडवायच्या गडबडीत काकवी जमिनीवर सांडते आणि पाय चिकटतो. फितीत पाय चिकटल्यापासून पुढचं घेतलं होतं. पाय कशाला चिकटला, का चिकटला, काही पत्ता नाही. एका नाण्याच्या व्यवहारातून ही सगळी आपत्ती पायरीपायरीने कशी उभी राहते, ते बघण्यातच तर मजा आहे.

चॅप्लिनचा ‘द फ्लोअरवॉकर’ (मे १९१६, म्युच्युअल कंपनीसाठी केलेल्या बारा सिनेमांतला पहिला) तुम्ही सरकत्या जिन्यापुरता ठेवलात. जिना विलक्षण आहेच. सरकते जिने तेव्हा नवीन होते, १९००च्या पॅरिसच्या प्रदर्शनात लोक ते नवल म्हणून बघत होते, आणि सोळा वर्षांत चॅप्लिनने त्याच्यावर उलटं पळून दाखवलं. पण मला त्या सिनेमातला खालचा मजला जास्त मोलाचा वाटतो. फाटका चार्ली नुसत्या वस्तू हाताळतो आहे आणि सगळ्या नजरा त्याच्यावर. चांगल्या कपड्यांतली गिऱ्हाइकं मात्र नाकासमोर माल उचलून नेताहेत. दुकानात कोणावर लक्ष ठेवायचं ते कपड्यांवरून ठरतं, हे मी नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात शिकलो होतो. शंभर वर्षांपूर्वी कोणीतरी ते पडद्यावर मांडून ठेवलं आहे, आणि तुम्ही ते मुलांना दाखवत नाही.

आता तांत्रिक गोष्टी. याही किरकोळ नाहीत.

मूकपटाची चौकट चाराला तीन या मापाची असते. टीव्ही भरून दिसावा म्हणून तुम्ही ती सोळाला नऊमध्ये ताणली नाही, हे खरं, पण वरून-खालून कापली. त्यात उंचीचा पाव भाग जातो. चॅप्लिनचे पाय गेले! एडविन पोर्टरने १९०३ साली, एडिसन कंपनीसाठी, बुटांच्या दुकानातल्या विक्रेत्याचा छोटासा विनोदी सिनेमा केला, त्यात गिऱ्हाईक बाईच्या पायात बूट घालतानाचं दृश्य मुद्दाम जवळून घेतलं; अशा जवळच्या दृश्यांच्या अगदी सुरुवातीच्या उदाहरणांत ते मोजलं जातं. इतक्या लवकर या लोकांनी चौकटीत काय ठेवायचं याचा विचार केला होता. आपण तो पुसू नये.

वेगाचं तसंच. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत. हजार फुटांचं रीळ सेकंदाला १६ चौकटींनी, म्हणजे १६ चित्रांनी, चाललं तर साडेसोळा मिनिटांच्या आसपास पुरतं, २४ चौकटींनी अकरा मिनिटांत संपतं. विनोदी सिनेमात काही दृश्यं मुद्दाम वेगाने दिसतील अशी घेतलेली असतात, त्यामुळे एकच वेग सगळीकडे बरोबर नसतो. म्हणून तर जाणकारांनी दुरुस्त केलेली प्रत घ्यायची. तुमच्या फितीत सगळी माणसं एकाच तडफडाटात पळत होती. दुकानाच्या सिनेमात हात दिसले पाहिजेत. मापाची पट्टी, कात्री, गाठ, पुडी. हात दिसले नाहीत तर बाकी काही उरत नाही.

दृश्यांच्या मधे येणाऱ्या संवादाच्या पाट्या तुम्ही सरसकट काढून टाकल्या, का, तर त्या इंग्रजीत आहेत म्हणून. आपल्याकडे मूकपटांच्या काळात अनेक थिएटरांत पाट्या मोठ्याने वाचून दाखवणारा माणूस असायचा, पेटी-तबला असायचा. ती सोय आजही करता येते. आणि कोणत्याही तुकड्याखाली सिनेमाचं नाव नाही, साल नाही, नटाचं नाव नाही. ज्यांनी हातपाय मोडून घेतले त्यांची निदान नावं तरी लिहा. लॉइडचा उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी १९१९च्या अपघातात गेली होती. ‘सेफ्टी लास्ट!’मध्ये तो भिंत चढतो तो हातमोज्याखाली ही उणीव झाकून.

“मुलांचे सिनेमे” हे ऐकून तर वाईट वाटलं. आमच्या सोसायटीने नगरपालिकेच्या शाळेच्या हॉलमध्ये ‘सेफ्टी लास्ट!’ पूर्ण दाखवला होता. बाजारपेठेतले बरेच जण आले होते. नंतर मॉलमध्ये बिलिंगला उभी राहणारी एक मुलगी मला म्हणाली, “काका, आम्हाला अजून बसायला स्टूल देत नाहीत.” तिचं खरं आहे. दुकानातल्या कामगारांना बसायची सोय असलीच पाहिजे, असा कायदा केरळने २०१८मध्ये आणि तामिळनाडूने २०२१मध्ये केला. तिला त्या सिनेमात स्वतःचे पाय आठवले. धीर नाही असं ज्यांच्याबद्दल तुम्ही म्हणता, त्यांतलीच ती एक.

या सिनेमांकडे जगाच्या कुठल्याही बाजारातल्या माणसाला आपलं म्हणून बघता येतं, याला कारण आहे. १९१६ सालीच तिकडे बर्लिनमध्ये दिग्दर्शक अर्न्स्ट लुबिच बुटांच्या दुकानातल्या चलाख नोकराची विनोदी गोष्ट करत होता आणि त्यात स्वतः नट होता. त्याचे वडील शिंपी. दुकान त्याने घरातूनच पाहिलेलं. १९२४च्या ‘हॉट वॉटर’मध्ये लॉइड घरचं सामान घेऊन ट्राममधून निघतो. हात पुडक्यांनी भरलेले, आणि त्यात सोडतीत लागलेला एक जिवंत टर्की पक्षी. बायकोने सांगितलेली यादी घेऊन लोकल पकडणाऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. मोठी दुकानं, सेल, ठरलेल्या किमती, काचेमागचा माल, पगारी विक्रेते हे सगळं तेव्हा लोकांच्या जगण्यात नव्याने शिरत होतं, आणि त्याची पहिली खुसखुशीत नोंद याच सिनेमांनी केली.

आणि उरलंय किती? अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ साली अहवाल काढला. तिथे बनलेल्या जवळपास अकरा हजार पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी मूळ स्वरूपात १४ टक्केच शिल्लक आहेत. आपली अवस्था त्याहून वाईट. सुमारे तेराशे मूकपट भारतात बनले, त्यातले मोजके, तेही बरेचसे तुटक, हाती आहेत. दादासाहेब फाळक्यांनी १९१४मध्ये ‘पिठाचे पंजे’ नावाचा छोटा विनोदी पट केला होता. म्हणजे आपल्याकडेही विनोद अगदी सुरुवातीपासून होता. २००३मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेटवरच्या, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या, जुन्या फिल्म जळाल्या, ते आपल्या शहरांतल्या प्रत्येक सिनेमावेड्याला ठाऊक आहे. ज्या राज्याने हे नुकसान जवळून पाहिलं, तिथल्या महोत्सवांनी शिल्लक असलेल्या सिनेमांचे स्वतःच्या हाताने तुकडे करू नयेत.

माझ्या मागण्या साध्या आहेत.

दरवर्षी किमान एक मूकपट सभागृहात, पूर्ण, मूळ चौकटीत दाखवा. दोन रिळांचा सिनेमा पंचवीस-तीस मिनिटांत संपतो. मुख्य सिनेमाआधी तो सहज बसतो. वेळ नाही, हे कारण चालणार नाही.

प्रत इंटरनेटवरून मिळेल ती उचलू नका. आपल्या कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतो, त्यामुळे मूळ सिनेमे मोकळे आहेत, मान्य. पण इटलीतल्या बोलोन्याच्या आणि पॅरिसच्या, जुने सिनेमे जपणाऱ्या लोकांनी चॅप्लिनचे म्युच्युअलचे सिनेमे ठिकठिकाणच्या प्रती जुळवून, चौकट चौकट साफ करून उभे केले आहेत. त्या प्रतीचं भाडं द्या. उद्घाटनाच्या फुलांवर आणि शालींवर होणाऱ्या खर्चातून ते निघेल.

साथ जिवंत असू द्या. प्रत्येक गावात उत्तम पेटीवादक आहेत, त्यांना आधी सिनेमा दाखवा, मानधन द्या. रेकॉर्ड केलेलं हसू पूर्ण बंद करा. लोकांना हसायचं असेल तेव्हा ते हसतील.

पाट्यांचं मराठी वाचन ठेवा, आणि खेळाआधी एका पानाचं मराठी टिपण वाटा. त्यात खटकणाऱ्या गोष्टीही लिहा. ‘सेफ्टी लास्ट!’मधला सोनार ज्यू लोकांची साचेबंद टिंगल करणारा आहे. ते कापू नका आणि लपवूही नका, सांगून दाखवा.

शेवटची मागणी मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते. दुकानांवरचा सिनेमा बाजारपेठेच्या साप्ताहिक सुट्टीच्या दिवशी लावा. महोत्सवाचे चांगले खेळ नेमके शनिवार-रविवारी संध्याकाळी असतात, आणि त्या वेळी आम्ही लोक काउंटरमागे उभे असतो. ज्यांच्यावर हे सिनेमे आहेत त्यांना ते कधी बघायलाच मिळत नाहीत. व्यापारी संघाच्या फलकावर एक चिठ्ठी लावलीत तरी निरोप सगळीकडे पोचेल. नोकरांसाठी तिकीट निम्मं ठेवा.

पुढच्या वर्षीच्या निवडीच्या बैठका पावसाळ्यात सुरू होतात, असं कळलं. ज्या महोत्सवाला किंवा सोसायटीला हे करायचं असेल त्यांना ‘द पॉनशॉप’ आणि ‘सेफ्टी लास्ट!’च्या पाट्यांचं मराठी मी करून देईन, आणि खेळाला येऊन वाचूनही दाखवीन. त्याचे पैसे नकोत. करायचं नसेल, तर का नाही, ते प्रेक्षकांसाठी लेखी कळवावं, ही विनंती.

आपला,
कापड दुकानातला एक निवृत्त विक्रेता
आणि फिल्म सोसायटीचा जुना सभासद